हवामान बदल : विज्ञान काय सांगते आणि राजकारण काय ठरवते?

भारत हा कार्बन डायऑक्साइड सोडणारा जगातील तिसऱ्या क्रमांकाचा देश आहे. सरासरी भारतीय माणसाच्या नावावर वर्षाला साधारण २ टन कार्बन डायऑक्साइड जमा होतो, तर सरासरी अमेरिकी माणसाच्या नावावर सुमारे १४ टन. औद्योगिक क्रांतीपासून आजवर हवेत गेलेल्या एकूण कार्बन डायऑक्साइडमध्ये भारताचा वाटा अवघा ३ टक्क्यांच्या आसपास आहे, तर अमेरिकेचा जवळपास एक चतुर्थांश.

समाजमाध्यमांवर ही तीनही वाक्ये एकमेकांना खोटे ठरवण्यासाठी फिरवली जातात. प्रत्यक्षात तीनही खरी आहेत. पहिल्यात देशाचे वार्षिक उत्सर्जन मोजले आहे, दुसऱ्यात माणशी आणि तिसऱ्यात आजवरचे एकूण. वायू तोच आणि मोजमापही तेच, पण प्रश्न बदलला की गुन्हेगार बदलतो. यातला कोणता प्रश्न विचारायचा, हे कोणतेही उपकरण सांगत नाही. ते माणसे ठरवतात आणि आंतरराष्ट्रीय वाटाघाटींत देश ठरवतात.

हवामान बदलाबद्दल जगाला जे काही ठाऊक आहे, ते असे दोन वाटांनी आपल्यापर्यंत येते. त्यातले विज्ञान कोणते आणि राजकारण कोणते, हे ओळखता आले नाही तर दोन चुका होतात. एक म्हणजे ‘हे सगळे राजकारण आहे’ म्हणून विज्ञानच झटकून टाकणे. दुसरी म्हणजे ‘हे विज्ञान आहे’ म्हणून एखादा राजकीय निर्णय मुकाट्याने मान्य करणे.

वाद नसलेला भाग कोणता?

कार्बन डायऑक्साइड उष्णता अडवून धरतो, हे एकोणिसाव्या शतकातच प्रयोगांतून दिसले होते. अमेरिकेत युनिस फूट यांनी १८५६ मध्ये आणि त्यानंतर काही वर्षांत ब्रिटनमध्ये जॉन टिंडल यांनी त्यावर काम केले. हवेतील या वायूचे प्रमाण वाढले तर पृथ्वीचे तापमान किती वाढेल, याचे पहिले मोठे गणित स्वीडनचे स्वांते अर्‍हेनियस यांनी १८९६ मध्ये मांडले. त्या काळी हवामान परिषदा नव्हत्या आणि कार्बन करही नव्हता.

चार्ल्स कीलिंग यांनी १९५८ मध्ये हवाई बेटावरील मौना लोआ या ज्वालामुखीच्या उतारावर हवेतील कार्बन डायऑक्साइड नियमित मोजायला सुरुवात केली. तेव्हा हवेच्या दर दहा लाख भागांत तो सुमारे ३१५ भाग होता. आज तो ४२० च्या वर गेला आहे. औद्योगिक क्रांतीपूर्वीचे प्रमाण सुमारे २८० होते. ध्रुवीय बर्फात अडकलेल्या जुन्या हवेच्या बुडबुड्यांवरून ते कळते.

तापमानवाढ सूर्यामुळे होत असती, तर वातावरणाचे खालचे आणि वरचे असे दोन्ही थर तापले असते. प्रत्यक्षात खालचा थर तापतो आहे आणि त्यावरचा स्थितांबर हा थर थंड होत आहे. हरितगृह वायू वाढल्यावर असेच व्हायला हवे. २०११ ते २०२० या दशकात पृथ्वीचे सरासरी तापमान १८५० ते १९०० या काळाच्या तुलनेत सुमारे १.१ अंश सेल्सिअसने जास्त होते. हा सगळा मोजलेला भाग आहे. कोणता पक्ष किंवा कोणता देश काय म्हणतो, यावर तो अवलंबून नाही.

आयपीसीसी नेमके काय करते?

मोजलेल्या गोष्टींचा अर्थ सर्व देशांसमोर एकत्र मांडण्यासाठी १९८८ मध्ये ‘इंटरगव्हर्न्मेंटल पॅनेल ऑन क्लायमेट चेंज’ म्हणजेच आयपीसीसी स्थापन झाली. जागतिक हवामान संघटना आणि संयुक्त राष्ट्रांचा पर्यावरण कार्यक्रम या दोन संस्थांनी ती उभी केली. तिचे १९५ सदस्य आहेत आणि ते शास्त्रज्ञ नसून देश आहेत. तिच्या नावातच ‘आंतरसरकारी’ हा शब्द आहे, याकडे अनेकदा दुर्लक्ष होते.

आयपीसीसी स्वतः संशोधन करत नाही. जगभर प्रसिद्ध झालेले हजारो शोधनिबंध वाचून त्यांचे सार काढणे हे तिचे काम. सरकारे आणि मान्यताप्राप्त संस्था लेखकांची नावे सुचवतात, त्यातून निवड होते आणि निवडलेले शास्त्रज्ञ विनामोबदला लिहितात. मसुद्यावर तज्ज्ञांच्या आणि सरकारांच्या हरकती मागवल्या जातात. प्रत्येक हरकतीला काय उत्तर दिले, याची नोंद ठेवावी लागते.

मूळ अहवाल हजारो पानांचा असतो. मंत्री, अधिकारी आणि पत्रकार वाचतात ते मात्र ‘धोरणकर्त्यांसाठीचा सारांश’. हा सारांश शास्त्रज्ञ लिहितात, पण त्यातील प्रत्येक ओळ सर्व देशांच्या प्रतिनिधींसमोर वाचली जाते आणि एकमत झाल्यावरच मंजूर होते. एखाद्या देशाची हरकत असेल, तर शब्दरचनेवर रात्र-रात्र चर्चा चालते. मूळ प्रकरणांत काय लिहायचे, याचा अधिकार लेखकांकडे असतो आणि सारांशातले विधान मूळ प्रकरणांशी विसंगत असता कामा नये, असा नियम आहे. सरकारे विधान सौम्य करू शकतात, वगळायला लावू शकतात, पण पुरावा नसलेले नवे विधान घुसडू शकत नाहीत.

या पद्धतीचा तोटा उघड आहे. भाषा सावध होते आणि सर्वांना चालेल तेवढेच सारांशात उरते. फायदा तितकासा दिसत नाही. अहवाल मंजूर झाल्यावर कोणत्याही सरकारला ‘हे विज्ञान आम्हाला मान्य नाही’ असे सहजी म्हणता येत नाही, कारण त्यातील प्रत्येक ओळीला त्याच्याच प्रतिनिधीने होकार दिलेला असतो.

एका शब्दासाठी एवढी ओढाताण का?

नोव्हेंबर १९९५ मध्ये स्पेनमधील माद्रिद येथे दुसऱ्या अहवालाच्या सारांशावर बैठक झाली. तापमानवाढीत माणसाचा हात दिसतो का, हा कळीचा प्रश्न होता. मसुद्यात हवामानावरील मानवी प्रभावाचे वर्णन ‘लक्षणीय’ अशा अर्थाच्या शब्दाने केले होते. सौदी अरेबिया आणि कुवेत या तेल निर्यात करणाऱ्या देशांच्या प्रतिनिधींनी हरकत घेतली. अनेक पर्यायांचा कीस काढल्यावर ‘ओळखता येण्याजोगा’ अशा अर्थाचा शब्द ठरला.

त्या प्रकरणाचे प्रमुख लेखक बेन सँटर यांच्यावर पुढच्याच वर्षी अमेरिकी वृत्तपत्रांतून टीकेची झोड उठली. बैठकीनंतर त्यांनी प्रकरणात परस्पर बदल केल्याचा आरोप झाला. बदल ठरलेल्या प्रक्रियेनुसारच झाले होते, असे आयपीसीसीने स्पष्ट केले. तरीही एका शास्त्रज्ञाला आपल्या निष्कर्षासाठी किती किंमत मोजावी लागू शकते, हे त्या वेळी सगळ्यांना दिसले.

त्यानंतरच्या अहवालांची भाषा क्रमाने पाहण्यासारखी आहे. गेल्या काही दशकांतील बहुतांश तापमानवाढ मानवी कारणांमुळे झाली असण्याची २००१ च्या अहवालाने ‘शक्यता’ वर्तवली. २००७ मध्ये ती ‘दाट शक्यता’ झाली आणि २०१३ मध्ये ‘अत्यंत दाट शक्यता’. आयपीसीसीच्या परिभाषेत या शब्दांना ठरलेली किंमत आहे. पहिल्याचा अर्थ किमान ६६ टक्के, दुसऱ्याचा किमान ९० टक्के आणि तिसऱ्याचा किमान ९५ टक्के. २०२१ च्या अहवालाने शक्यतेची भाषाच सोडली आणि माणसामुळे वातावरण, समुद्र व जमीन तापली हे ‘निर्विवाद’ असल्याचे म्हटले. प्रत्येक टप्प्यावर त्याच सरकारांनी ओळनओळ तपासूनही विधान दर वेळी अधिक ठाम झाले, कारण पुरावे वाढत गेले.

काय वगळले जाते?

राजकारणाचा हात शब्दांपेक्षा गाळलेल्या गोष्टींत जास्त दिसतो. एप्रिल २०१४ मध्ये बर्लिन येथे उत्सर्जन कमी करण्याच्या उपायांवरील सारांश मंजूर होत होता. देशांचे श्रीमंत, मध्यम आणि गरीब असे उत्पन्नगट पाडून कोणत्या गटाचे उत्सर्जन किती वाढले, हे दाखवणारे आलेख मसुद्यात होते. ते सारांशातून काढण्यात आले. पुढच्या करारात जबाबदारी वाटताना हेच आलेख पुढे केले जातील, अशी धास्ती त्यामागे होती. आलेख चुकीचे होते म्हणून ते गेले नाहीत. मूळ अहवालात ती माहिती तशीच राहिली, पण बातम्या सारांशावरून होतात.

दुसरे उदाहरण डिसेंबर २०१८ मधले. देशांनीच मागवलेला १.५ अंश तापमानवाढीवरील विशेष अहवाल पोलंडमधील कातोविस येथील परिषदेसमोर आला. बहुतेक देशांना त्या अहवालाचे ‘स्वागत’ करायचे होते. अमेरिका, रशिया, सौदी अरेबिया आणि कुवेत यांना केवळ त्याची ‘नोंद’ घ्यायची होती. अखेरीस अहवाल वेळेत पूर्ण झाल्याचे स्वागत करण्यात आले, निष्कर्षांचे नाही.

भातशेतीचा मिथेन : भारताने आकडा कसा तपासला?

प्रत्येक वेळी राजकारण विज्ञानाला दाबतेच असे नाही. कधी कधी राजकीय वादामुळे चुकीचा आकडा सुधारतो. भारताच्या दृष्टीने याचे सर्वात महत्त्वाचे उदाहरण १९९० च्या दशकाच्या सुरुवातीचे आहे.

वॉशिंग्टन येथील वर्ल्ड रिसोर्सेस इन्स्टिट्यूट या संस्थेने १९९०-९१ च्या आपल्या अहवालात देशांची क्रमवारी लावली. हवेत हरितगृह वायूंची भर घालणाऱ्या पहिल्या पाच देशांत अमेरिका आणि सोव्हिएत संघ यांच्या जोडीला ब्राझील, चीन आणि भारतही होते. दिल्लीच्या सेंटर फॉर सायन्स अँड एन्व्हायर्न्मेंटचे अनिल अग्रवाल आणि सुनीता नारायण यांनी १९९१ मध्ये त्याला पुस्तिकेतून उत्तर दिले. अशी क्रमवारी म्हणजे पर्यावरणाच्या नावाखालील वसाहतवाद आहे, असा त्यांचा आरोप होता.

त्यांचा मुद्दा हिशेबाच्या पद्धतीचा होता. माणसाने सोडलेल्या कार्बन डायऑक्साइडपैकी निम्म्याहून अधिक भाग समुद्र, जंगले आणि जमीन शोषून घेतात. निसर्गाच्या या शोषणक्षमतेवर हक्क कोणाचा? अमेरिकी संस्थेने ती देशांच्या उत्सर्जनाच्या प्रमाणात वाटली होती. म्हणजे जो जास्त धूर सोडेल, त्याला जास्त सवलत. अग्रवाल आणि नारायण यांनी ती लोकसंख्येच्या प्रमाणात वाटली, कारण समुद्र आणि हवा सर्वांची आहे. तेच आकडे घेऊन असा हिशेब केला, तर भारत आणि चीन आपल्या वाट्याच्या आतच राहत होते.

दुसरा मुद्दा मिथेनचा होता. पाणी साचलेल्या भातखाचरांत प्राणवायू नसलेल्या चिखलात सूक्ष्मजीव मिथेन तयार करतात. अमेरिकेच्या पर्यावरण संरक्षण संस्थेच्या अंदाजानुसार भारतातील भातशेतीतून दरवर्षी सुमारे ३७ दशलक्ष टन मिथेन बाहेर पडत होता. त्यामागची मोजमापे मुख्यतः परदेशातील शेतांतली होती. दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेतील ए. पी. मित्रा यांच्या नेतृत्वाखाली १९९१ मध्ये देशाच्या वेगवेगळ्या भागांतील भातखाचरांत प्रत्यक्ष मोजणी झाली. उत्तर आले सुमारे ४ दशलक्ष टन, म्हणजे आधीच्या अंदाजाच्या जेमतेम नवव्या भागाइतके. भारतातील बरीचशी भातशेती पावसावर अवलंबून असते आणि तिच्यात सतत पाणी साचून राहत नाही, हे त्यामागचे एक मोठे कारण होते.

पोटासाठी भात पिकवणाऱ्या शेतकऱ्याचे उत्सर्जन आणि चैनीसाठी गाडी पळवणाऱ्याचे उत्सर्जन एकाच मापाने मोजावे का, हा प्रश्न याच वादातून ठळक झाला. त्याचे उत्तर प्रयोगशाळेत मिळत नाही. पण शेतातून किती मिथेन निघतो, याचे उत्तर शेतातच मिळते आणि ते तिथे जाऊनच मोजावे लागले. रिओ येथे १९९२ मध्ये झालेल्या हवामान करारात ‘समान, परंतु देशागणिक वेगवेगळी जबाबदारी’ हे तत्त्व आले, त्यामागे विकसनशील देशांचा हाच आग्रह होता.

मिथेन किती पट घातक? उत्तर दोन आहेत

मिथेन कार्बन डायऑक्साइडपेक्षा किती पट उष्णता अडवतो, याची दोन उत्तरे वाचायला मिळतात. काही ठिकाणी २७ ते ३० पट, तर काही ठिकाणी ८० पटींहून जास्त. दोन्ही आकडे २०२१ च्या आयपीसीसी अहवालातलेच आहेत.

मिथेन हवेत साधारण एक तप टिकतो, कार्बन डायऑक्साइडचा परिणाम शतकानुशतके राहतो. १०० वर्षांच्या काळातला परिणाम मोजला, तर मिथेनचा आकडा लहान येतो. २० वर्षांचा मोजला, तर मोठा येतो. गणित दोन्हीकडे बरोबर आहे. किती वर्षांचा विचार करायचा, ही निवड आहे. २० वर्षांचे माप वापरले, तर गुरेढोरे आणि भातशेती असलेल्या देशांचा वाटा वाढतो आणि गळक्या वायुवाहिन्या असलेल्या देशांचाही. आंतरराष्ट्रीय करारांतील हिशेबासाठी १०० वर्षांचे माप ठरले आहे.

१.५ अंश ही मर्यादा आली कुठून?

‘१.५ अंश ओलांडले की जग संपले’ असे अनेकांना वाटते. विज्ञान तसे म्हणत नाही. २ अंशांची कल्पना अर्थतज्ज्ञ विल्यम नॉर्डहाउस यांच्या १९७० च्या दशकातील लेखनात सापडते. युरोपीय देशांनी १९९६ मध्ये ती धोरण म्हणून स्वीकारली आणि २००९ च्या कोपनहेगन परिषदेनंतर ती जगाची झाली. समुद्राची पातळी वाढून ज्यांची भूमीच जाणार होती, त्या छोट्या बेटांच्या देशांना ती मान्य नव्हती. मालदीवच्या मंत्रिमंडळाने ऑक्टोबर २००९ मध्ये पाण्याखाली बैठक घेऊन आपले म्हणणे जगासमोर मांडले. त्यांच्या रेट्यामुळे २०१५ च्या पॅरिस करारात २ अंशांच्या बरोबरीने १.५ अंशांचे उद्दिष्टही आले.

आधी राजकीय उद्दिष्ट ठरले आणि मग देशांनी शास्त्रज्ञांना विचारले, की या दोन आकड्यांत फरक किती? २०१८ च्या विशेष अहवालाने उत्तर दिले. तापमान १.५ अंशांनी वाढले, तर उष्ण समुद्रांतील ७० ते ९० टक्के प्रवाळ नष्ट होतील आणि २ अंशांनी वाढले तर ९९ टक्क्यांहून जास्त. अर्ध्या अंशाची किंमत किती, हे विज्ञानाने सांगितले. ती किंमत मोजायची की नाही आणि कोणी मोजायची, हा निर्णय विज्ञानाचा नाही.

हिमालयातील हिमनद्यांची चूक काय शिकवते?

आयपीसीसीच्या २००७ च्या अहवालातील एका प्रकरणात हिमालयातील हिमनद्या २०३५ पर्यंत नाहीशा होऊ शकतात, असे विधान होते. ते चुकीचे होते. त्याचा आधार एका पर्यावरण संस्थेचा अहवाल होता आणि त्या अहवालाचा आधार एका विज्ञान साप्ताहिकातील १९९९ ची बातमी. तज्ज्ञांनी तपासलेला शोधनिबंध त्यामागे नव्हताच. १९९६ च्या एका रशियन अभ्यासात अशाच स्वरूपाच्या विधानासोबत २३५० हे साल होते, हेही नंतर पुढे आले.

नोव्हेंबर २००९ मध्ये तत्कालीन पर्यावरण मंत्री जयराम रमेश यांनी भूवैज्ञानिक व्ही. के. रैना यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. सर्व हिमनद्या सारख्या वेगाने आटत असल्याचा पुरावा नाही, असे त्यात म्हटले होते. आयपीसीसीचे तेव्हाचे अध्यक्ष राजेंद्र पचौरी यांनी त्याची जादूटोण्याशी तुलना करून संभावना केली. दोनच महिन्यांनी, २० जानेवारी २०१० रोजी आयपीसीसीला आपल्या विधानाबद्दल खेद व्यक्त करावा लागला. त्याच वर्षी जगभरातील विज्ञान अकादम्यांच्या परिषदेने आयपीसीसीच्या कामकाजाची तपासणी केली आणि संदर्भ तपासण्याचे व चुका दुरुस्त करण्याचे नियम कडक झाले.

ही चूक अजूनही समाजमाध्यमांवर ‘हवामान बदल हे थोतांड आहे’ याचा पुरावा म्हणून फिरते. चूक उघड केली ती हिमनद्यांचा अभ्यास करणाऱ्या शास्त्रज्ञांनीच, हे मात्र त्या संदेशांत नसते. हिमनद्या आटत आहेत, हे त्या चुकीने खोटे ठरले नाही. हिंदुकुश-हिमालयाच्या २०१९ च्या मोठ्या अभ्यासानुसार तापमानवाढ १.५ अंशांवर रोखली तरी या शतकाअखेर तेथील सुमारे एक तृतीयांश हिमनद्या जातील आणि उत्सर्जन असेच राहिले तर दोन तृतीयांश.

शंका पेरण्याचे राजकारण

चूक दाखवणे आणि मुद्दाम शंका पेरणे यांत फरक आहे. एक्झॉन या अमेरिकी तेल कंपनीच्या स्वतःच्या शास्त्रज्ञांनी १९७७ ते २००३ या काळात तापमानवाढीचे अंदाज बांधले होते. ‘सायन्स’ या नियतकालिकात २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात ते पुढच्या प्रत्यक्ष तापमानाशी ताडून पाहण्यात आले. त्यातले ६३ ते ८३ टक्के अंदाज अचूक निघाले. त्याच काळात कंपनी जाहीरपणे मात्र विज्ञान अजून अनिश्चित असल्याचे सांगत होती, असे अभ्यासकांनी दाखवून दिले. लोकांची दिशाभूल केल्याचा आरोप कंपनीने फेटाळला आहे.

विज्ञानात अनिश्चितता असतेच. एखाद्या जिल्ह्यात २०५० मध्ये किती पाऊस पडेल, हे आज ठामपणे सांगता येत नाही. पण एका ठिकाणची अनिश्चितता दुसऱ्या ठिकाणी चिकटवली की खोटेपणा सुरू होतो. पावसाचा अंदाज कच्चा आहे, म्हणून कार्बन डायऑक्साइड उष्णता अडवत नाही, असे होत नाही.

राजकारण जुळून आले तर काय होते?

शेरवूड रोलंड आणि मारिओ मोलिना यांनी १९७४ मध्ये इशारा दिला, की फ्रिज आणि फवाऱ्यांमधील क्लोरोफ्लुरोकार्बन वायू ओझोनचा थर नष्ट करू शकतात. ब्रिटिश शास्त्रज्ञांनी १९८५ मध्ये अंटार्क्टिकावरील ओझोनचे छिद्र जाहीर केले आणि १६ सप्टेंबर १९८७ रोजी माँट्रियल करार झाला. छिद्रामागचे सर्व रासायनिक धागेदोरे तेव्हा पूर्णपणे उलगडले नव्हते, तरी देशांनी वाट पाहिली नाही.

भारत आणि चीन सुरुवातीला करारात नव्हते. श्रीमंत देशांनी केलेल्या नुकसानीची भरपाई आम्ही का करावी, असा त्यांचा सवाल होता. पर्यायी तंत्रज्ञानासाठी निधी देण्याचे १९९० च्या लंडन बैठकीत ठरले आणि १९९२ मध्ये भारत करारात सामील झाला. संयुक्त राष्ट्रांच्या अलीकडच्या आढाव्यानुसार जगाच्या बहुतेक भागांवरील ओझोनचा थर २०४० च्या सुमारास आणि अंटार्क्टिकावरील २०६६ च्या सुमारास १९८० च्या पातळीवर परतेल.

इथे विज्ञान जितके महत्त्वाचे ठरले, तितकाच खर्चाच्या न्याय्य वाटणीचा सौदाही. ओझोनच्या प्रश्नात मोजक्या कंपन्या होत्या आणि पर्यायी वायू हाताशी होते. कोळसा, तेल आणि वायू यांवर मात्र प्रत्येक देशाचे घर चालते. म्हणूनच २०२१ च्या ग्लासगो परिषदेत कोळसा ‘हद्दपार’ करायचा की ‘टप्प्याटप्प्याने कमी’ करायचा, यावर शेवटच्या तासांत भारताच्या आग्रहाने शब्द बदलला. कोळशाचे नाव घेतले जाते, मग तेल आणि वायूचे का नाही, असा भारताचा प्रश्न होता. सर्व जीवाश्म इंधनांपासून दूर जाण्याचा उल्लेख २०२३ च्या दुबई परिषदेच्या निर्णयात आला.

मोजण्याची साधने कोणाकडे?

भातशेतीच्या वादाने एक गोष्ट पक्की केली. ज्याच्याकडे मोजमाप नाही, त्याला दुसऱ्याने मोजलेले मान्य करावे लागते. भविष्यातील हवामानाचा अंदाज देणारी संगणकीय प्रारूपे दीर्घकाळ प्रामुख्याने श्रीमंत देशांत तयार होत होती आणि मान्सूनचे चित्रण हा त्यांचा कच्चा दुवा होता. पुण्याच्या भारतीय उष्णदेशीय हवामानशास्त्र संस्थेने विकसित केलेल्या पृथ्वी प्रणाली प्रारूपाचे निष्कर्ष आयपीसीसीच्या सहाव्या अहवालासाठी झालेल्या जागतिक तुलनेत पहिल्यांदा समाविष्ट झाले.

याच संस्थेच्या शास्त्रज्ञांच्या पुढाकाराने २०२० मध्ये भारतीय प्रदेशातील हवामान बदलाचा स्वतंत्र आढावा प्रसिद्ध झाला. १९०१ ते २०१८ या काळात देशाचे सरासरी तापमान सुमारे ०.७ अंशांनी वाढल्याचे त्यात नमूद आहे. हा आकडा जागतिक सरासरीपेक्षा कमी आहे. धूलिकण आणि प्रदूषक कणांमुळे काही सूर्यप्रकाश अडतो, हे त्यामागचे एक कारण. ‘भारतात कुठे फारसे तापले?’ असे म्हणणाऱ्यांना हा आकडा सोयीचा वाटू शकतो, पण त्यामागचे कारण सोयीचे नाही.

एखादा आकडा समोर आला, तर काय पाहावे?

हवामान बदलाविषयी फिरणारा कोणताही संदेश चार प्रश्नांनी तपासता येतो.

पहिला : हे मोजलेले आहे, की ठरवलेले? कार्बन डायऑक्साइडचे प्रमाण मोजलेले असते, १.५ अंशांची मर्यादा ठरवलेली आहे.

दुसरा : भागाकार कशाने केला आहे? देशाने, माणशी की आजवरच्या एकूणाने? वस्तू जिथे बनली तिथल्या नावावर उत्सर्जन टाकले आहे, की जिथे वापरली तिथल्या?

तिसरा : किती वर्षांचा काळ धरला आहे? मिथेनचा आकडा २० वर्षांचा की १०० वर्षांचा? तापमानाची तुलना कोणत्या वर्षाशी?

चौथा : हे मूळ अहवालातून आले आहे, की सारांशातून, की कुणाच्या बातमीतून? २०३५ ची चूक तीन हात फिरून आली होती.

या प्रश्नांची उत्तरे पाहिली, तर ‘भारत तिसऱ्या क्रमांकावर’ आणि ‘भारताचा वाटा ३ टक्के’ यांत भांडण उरत नाही. पुढे किती कोळसा जाळला जाईल हे समजून घ्यायचे असेल, तर पहिला आकडा उपयोगाचा आहे. आजवरच्या नुकसानीची जबाबदारी वाटायची असेल, तर दुसरा. हवेतील कार्बन डायऑक्साइडला मात्र यातला कोणताही हिशेब ठाऊक नाही. त्याचे प्रमाण मौना लोआवर आजही मोजले जाते आणि दरवर्षी ते आधीच्या वर्षापेक्षा जास्त भरते.